पाहाले काय जाते?

आरसा ही वस्तू मला मुळात आवडते. ती खोटं बोलत नाही, उधार मागत नाही आणि आपली पाठ वळली की आपल्याबद्दल एक अक्षर काढत नाही. इतके सद्गुण एके ठिकाणी असलेला माणूस माझ्या ओळखीत नाही. माझं भांडण आहे ते जादूच्या आरशाशी. म्हणजे जो विचारल्यावर बोलतो, चोर दाखवतो, गुप्तधन दाखवतो आणि उद्याचं आजच सांगतो, त्या आरशाशी.

गोष्टीतल्या आरशाबद्दल तक्रार नाही. ग्रिम बंधूंनी 1812 साली छापलेल्या हिमगौरीच्या गोष्टीत राणीकडे असाच एक आरसा होता. तोही पक्का सत्यवचनी. पण त्याच्या सत्यवचनापायी राणीनं एका पोरीवर आधी शिकारी धाडला, मग तिला मारायला तीनदा स्वतः गेली आणि शेवटी तापलेले लोखंडी जोडे घालून नाचता नाचता मेली. खरं बोलणाऱ्या आरशानं एवढा अनर्थ केला, तर आमच्याकडच्या आरशाचं काय सांगावं! त्याला तर बोलायलाही बुवा लागतो.

आमच्या गोंदियात हा बुवा नेहमी पलीकडून येतो. जिल्ह्याला मध्य प्रदेश आणि छत्तीसगड अशा दोन राज्यांच्या हद्दी लागून असल्यामुळे ‘पलीकडे’ची टंचाई नाही. कधी तो बालाघाटकडचा असतो, कधी राजनांदगावकडचा. तिकडे तो बहुधा गोंदियाकडचा म्हणून नावाजलेला असावा. गावातलाच कोणी आरशात पाहून सांगू लागला, तर ‘अबे, हा तं दहावीले तीनदा बसला होता’ म्हणून लोक त्याला उठवतील. दिव्यदृष्टीला किमान एक राज्य ओलांडावं लागतं.

शेजारच्या घरी सोन्याची पोत हरवली तेव्हा असाच एक पलीकडचा आला. खोलीत अंधार, मागे मिणमिणता दिवा, पुढ्यात आरसा, आणि त्यात पाहायला घरातलाच नऊ वर्षांचा पोरगा. पोरगा पायाळू. जन्मताना ज्याचे पाय आधी बाहेर आले त्याला लपलेलं दिसतं, असा समज आहे. मी तोंड उघडलं, तर शेजारी म्हणाले, “पाहू तं द्या जी भाऊ! पाहाले काय जाते?”

बुवानं विचारलं, “बाई दिसते का?”

“दिसते.”

“हिरवी साडी हाये का?”

“हो, हिरवी.”

अर्धा तास अंधारात बसवलेल्या उपाशी पोरानं निळी, जांभळी, कसलीही साडी कबूल केली असती. हिरवी साडी होती धुणंभांडी करणाऱ्या बाईकडे. बाराव्या दिवशी पोत तांदळाच्या पिंपात सापडली. बाई मात्र सापडली नाही. तिनं ते घर सोडलं आणि गल्लीतल्या बाकीच्या चार घरांनी तिला सोडलं. पोत सापडल्याचं सांगायला तिच्या दारी कोणी गेलं नाही. उलट, ‘आरशाच्या धाकानंच तिनं आणून टाकली’ असं ठरलं.

म्हणून विचारतो, पाहायला काय जातं? पाहणाऱ्याचं काहीच जात नाही. ज्याला दाखवतात त्याचं जातं. आणि दाखवतात कोणाला? मी आजवर ऐकलेल्या एकाही आरशात जावई दिसलेला नाही. सावकार दिसत नाही, राइस मिलचा मालक दिसत नाही. दिसते ती मोलकरीण, सालदार, नाहीतर गावाबाहेर एकटी राहणारी म्हातारी. आरशाची काच कुठलीही असो, तिला माणसाची ऐपत बरोबर कळते.

“पण पोराला खरंच काहीतरी दिसलं हो!” असं म्हणणारे आहेत. दिसलं असेल की! इटलीतल्या जोव्हान्नी कापुतो नावाच्या संशोधकानं 2010 साली 50 जणांना मंद उजेडात, पाठीमागे 25 वॉटचा दिवा ठेवून, दहा मिनिटं आरशात पाहायला लावलं. दोन तृतीयांश लोकांना आपलाच चेहरा भयंकर बदललेला दिसला, काहींना अनोळखी माणूस दिसला, काहींना चक्क राक्षस. मंत्र नाही, लिंबू नाही. अंधुक उजेडात एकटक पाहिलं की मेंदू कंटाळतो आणि गाळलेल्या जागा स्वतःच भरतो. त्या गाळलेल्या जागेत बुवा हळूच हिरवी साडी भरतो, एवढीच त्याची विद्या.

2023 साली कानपूरच्या एका सत्तरी उलटलेल्या गृहस्थांना अशीच विद्या 9 लाखांना पडली. सांगितलं होतं की आरशात भविष्य दिसतं आणि माणसं कपड्यांशिवाय दिसतात. (बहात्तराव्या वर्षी भविष्याची एवढी ओढ असेल असं वाटत नाही.) विकणारे भुवनेश्वरला पकडले गेले. भविष्य दाखवणाऱ्या आरशात पोलीस तेवढे दिसले नव्हते.

इथवर हसण्यासारखं आहे. पण आज ‘चोरी कोणी केली’ हे सांगणारा आरसा उद्या ‘करणी कोणी केली’ हेही सांगतो, आणि तिथं हसू संपतं. मग काठ्या निघतात. हे थांबावं म्हणून कायदा मागता मागता डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा 20 ऑगस्ट 2013 रोजी पुण्यात खून झाला. वटहुकूम निघाला तो त्यानंतर, आणि डिसेंबरात कायदा. अमकी करणी करते, गाईचं दूध आटवते, असं भासवून कोणाचं जगणं मुश्कील करणं आता गुन्हा आहे. सहा महिने ते सात वर्षं कैद आणि 5 हजार ते 50 हजार दंड. पाहाले काय जाते, याचा हा सरकारी दर.

तरीही ज्यांना आरसा बसवायचाच आहे, त्यांना माझी एक सूचना आहे. बुवाला चहा पाजा, दक्षिणा द्या, पोरगाही बसवा. फक्त आधी शंभराचे पाच स्टॅम्पपेपर आणून ठेवा. चोराचं नाव बुवानं त्यावर लिहावं, खाली सही करावी, आणि नाव खोटं निघालं तर त्या माणसाची वर्षभराची मजुरी भरून देईन असं कबूल करावं. यजमानांनीही साक्षीदार म्हणून सही करावी.

आरशावर एकदम कशी वाफ धरते ते पाहा. पाहाले काय जाते?