तिच्या बोलण्यामागे काय वाजते?

यवतमाळ जिल्ह्याला कॅमेरे नवे नाहीत. विदर्भातला कापूस, कर्ज आणि शेतकरी आत्महत्या यांवर बरेच माहितीपट निघाले. पुसद भागातल्या कार्यकर्त्या ते गावोगावी दाखवतात. पडद्यावर कोण बोलते यावर आपण चर्चा करतो. मागे काय वाजते, यावर करत नाही.

समजा, एक बाई सांगते आहे: सातबारा सासऱ्याच्या नावावर, कर्ज सावकाराचे, म्हणून मदतीचे प्रकरण ‘अपात्र’. ती हिशेब मांडते आहे, जाब विचारते आहे. त्याखाली बासरीचा लांबवलेला सूर घातला की त्याच जाबाचे रडगाणे होते. प्रेक्षक हळहळतो आणि घरी जातो. स्वतंत्र चित्रपटाकडे पैसा कमी, म्हणून तयार मिळणारे ‘करुण’ तुकडे चिकटवले जातात, हे खरे. पण संगीतकाराने आधी तिचे बोलणे ऐकायला हवे: तिचा वेग, तिचे थांबणे, तिचा राग. पुष्कळदा काहीच न वाजवणे हेच योग्य संगीत असते.

दुसरा प्रश्न नावाचा. जात्यावरची ओवी, तांड्यावरची लेंगी ‘वातावरणा’साठी घेतात आणि श्रेयनामावलीत लिहितात ‘पारंपरिक’. गाणारी बाई गायब! हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांच्या प्रकल्पात लाखभर ओव्या जमल्या, त्या गाणारीच्या आणि गावाच्या नावानिशी. २०१७ पासून ‘पारी’ने त्या तशाच प्रसिद्ध केल्या. स्नेहा खानवलकर यांनी संगीत दिलेल्या ‘गँग्ज ऑफ वासेपूर’मध्ये (२०१२) ‘वुमनिया’ गाणाऱ्या रेखा झा आणि खुशबू राज यांची नावे आहेत. मोठ्या पडद्यावर जे जमते, ते चळवळीच्या चित्रपटात का जमू नये? ओवीला एक कर्ती नसेल, पण गाणारीचा कलावंत म्हणून हक्क १९९४ च्या दुरुस्तीने कायद्यात आला आहे.

निपाणीच्या तंबाखू कामगार बायकांवरचा ‘युगांतर’ गटाचा १९८२ चा माहितीपट त्या बायकांशी चर्चा करत घडला. संगीतही तसेच घडू शकते.

तेव्हा मैत्रिणींनो, चित्रीकरणाला होकार देण्याआधी तीन गोष्टी लिहून घ्या. आवाज वापरण्याआधी बाईची संमती. तिचे नाव आणि मोबदला. आणि संगीत चढवल्यावर चित्रपट आधी तिला दाखवणे. ‘हे माझ्या बोलण्याला शोभत नाही’ असे ती म्हणाली, तर ते संगीत काढले पाहिजे.