अवमानाचा धाक आणि नोकरीची ऑर्डर

निवड यादीत नाव असूनही नेमणूक मिळाली नाही, की अवमान याचिका ठोकावी, सचिवाला कोर्टात उभे करावे आणि ऑर्डर घेऊनच बाहेर पडावे, असा सोपा इलाज नागपूरच्या प्रतापनगरातले एक जाणकार हल्ली भरतीच्या उमेदवारांना सांगत असतात. कोर्टाने एकदा बाजूने निकाल दिला, की पुढची प्रत्येक दिरंगाई, प्रत्येक नकार आणि प्रत्येक नवी यादी त्यांच्या लेखी न्यायालयाचा अवमानच. सिव्हिल लाइन्सला उच्च न्यायालयाचे खंडपीठ आहेच, मग थांबायचे कशाला? कायदा इतका सरळ असता, तर नागपुरातल्या निम्म्या वकिलांवर दुसरा धंदा शोधायची पाळी आली असती.

कोर्टाने नेमके सांगितले काय, हे आधी वाचावे लागते. भरतीच्या वादात पुष्कळदा आदेश असतो, तो अर्जदाराच्या निवेदनाचा ठरावीक मुदतीत नियमानुसार विचार करण्याचा. विचार करणे म्हणजे नेमणूक देणे नव्हे, हा भेद सर्वोच्च न्यायालयाने 2006 मध्ये आंध्र प्रदेशच्या राज्य परिवहन महामंडळाच्या प्रकरणात उलगडून दाखवला आहे. समजा, खात्याने मुदतीत विचार केला आणि समांतर आरक्षणाचे कारण पुढे करून नकार कळवला. कारण चुकीचे असेल, हास्यास्पदही असेल. पण आदेश पाळला गेला. 1971 च्या न्यायालय अवमान कायद्याला अवमानासाठी जाणूनबुजून केलेली अवज्ञा लागते, नुसता चुकीचा निर्णय पुरत नाही. आदेशानुसार केलेली नवी ज्येष्ठता यादी चुकली असेल, तर तिला स्वतंत्र आव्हान द्यावे, अवमानाच्या कामात तिची तपासणी होणार नाही, हे 1996 मध्येच राजस्थानच्या एका प्रकरणात ठरले. शिवाय त्या जागेवर दरम्यान जो रुजू झाला, तो अवमान याचिकेत सहसा पक्षकारही नसतो. त्याला न ऐकताच खुर्चीवरून उठवायचे आणि त्याला न्याय म्हणायचे, हे आमच्या जाणकारांनाच जमावे. यादीत नाव आल्याने नेमणुकीचा पक्का हक्क मिळत नाही, हे तर 1991 मध्ये घटनापीठानेच सांगितले आहे. सरकारने मनमानी करू नये, एवढे बंधन त्याच निकालात आहे.

सरकार पळवाटा काढते, हा जाणकारांचा आक्षेप मात्र खरा आहे. जातीचा दावा अवैध ठरल्यावर राखीव जागेवरची नोकरी टिकणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 6 जुलै 2017 रोजी म्हटले. राज्याने 21 डिसेंबर 2019 च्या शासन निर्णयाने अशा कर्मचाऱ्यांना 11 महिन्यांसाठी अधिसंख्य, म्हणजे मंजूर संख्येपलीकडच्या, पदांवर घेतले. तेव्हाही अवमान, अवमान असा गजर झालाच होता. पण नवा शासन निर्णय पाडायचा, तर त्यालाच आव्हान द्यावे लागते. आणि धाकाचे म्हणाल, तर कायद्यातली कमाल शिक्षा सहा महिने साधी कैद किंवा 2000 रुपये दंड, किंवा दोन्ही. मनापासूनची माफी मान्य झाली, तर तीही टळते.

म्हणून अवमान मोडीत काढा, असे नाही. जागा रिकामी ठेवा असा स्पष्ट आदेश असताना ती भरली, किंवा अमुक तारखेपर्यंत नेमणूक द्या असे लिहिलेले असताना फाइल दाबून ठेवली, तर अवमानच हवा. बाकी ठिकाणी मूळ अर्जातच नेमके मागावे आणि आदेशात तारीख, पद व अंतरिम संरक्षण येईल असे पाहावे. नकार आला, तर त्यालाच आव्हान द्यावे. राज्य सेवेच्या बाबतीत हे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये, करायचे असते आणि तिथे अंतिम आदेशापासून मुदत एक वर्षाची आहे. अवमानाच्या तारखा घेत हे वर्ष संपले, तर आधी विलंब माफीचा अर्ज करावा लागतो. तेव्हा उमेदवारांनो, नकाराचे पत्र हाती पडले, की त्यावरची तारीख आधी पाहा.