भाड्याचे गेम, बिनहक्काचे भाडेकरू

माझ्या भाच्याने ईदीच्या पैशांतून गेमच्या एका सेवेचे तीन महिन्यांचे सबस्क्रिप्शन घेतले. बारावीची परीक्षा संपली होती, घरच्यांनीही अडवले नाही. एक मोठा गेम त्याने रोज थोडा थोडा खेळत जवळजवळ शेवटापर्यंत आणला. एका सकाळी त्याचा फोन आला. ''मामू, गेम उघडत नाहीये. लॅपटॉपमध्ये तर दिसतोय!''

गेम खरोखरच लॅपटॉपमध्ये होता, चांगली ऐंशी जीबी जागा अडवून बसला होता. पण त्या सेवेने तो आपल्या यादीतून काढून टाकला होता. पुढे खेळायचे तर वेगळे पैसे भरून विकत घ्या, असे पडद्यावर लिहून आले. सबस्क्रिप्शनचा अजून एक महिना बाकी होता.

सेवेने नियमबाह्य काहीच केले नव्हते. यादीतले गेम कधीही बदलू शकतात, हे अटींमध्ये लिहिलेले होते. भाच्याने ''मला मान्य आहे'' वर टिचकी मारली होती. आपण सगळेच मारतो. म्हणूनच या टिचकीबद्दल थोडे बोलले पाहिजे.

माझ्या शाळा-कॉलेजच्या दिवसांत आम्ही सीताबर्डीतून गेमच्या सीडी आणायचो. खरे सांगायचे तर त्यातल्या बऱ्याच नकली असायच्या आणि त्याचा अभिमान बाळगण्यासारखे काही नाही. पण एखादी अस्सल सीडी घरात आली, की ती मोमिनपुऱ्यातल्या पाच घरांत फिरायची. चुलतभावाने खेळून झाली की मित्राकडे, मित्राकडून खालाच्या मुलाकडे. कंटाळा आला की अर्ध्या किमतीत विकून टाकायची. दुकान बंद पडले, कंपनी बुडाली, तरी सीडी चालायची. ती आपली होती.

आज तसे का होत नाही, हे सॉफ्टवेअरमध्ये काम करणारा माणूस म्हणून सांगतो. तुम्ही गेम डाउनलोड करता तेव्हा तुमच्याकडे कुलूपबंद पेटी येते, किल्ली कंपनीच्या सर्व्हरवर राहते. गेम सुरू करताना लाँचर सर्व्हरला विचारतो, या खात्याला आज हा गेम खेळायचा हक्क आहे का? ''हो'' आले तर गेम उघडतो. हे उत्तर काही काळासाठीच ग्राह्य असते, म्हणून इंटरनेट नसताना काही दिवस गेम चालतो आणि मग थांबतो. सबस्क्रिप्शन संपले, गेम यादीतून गेला, खाते बंद झाले किंवा सर्व्हरच बंद केला, तर उत्तर ''नाही'' येते. ऐंशी जीबी तुमच्याकडेच राहतात, पण त्यांचा उपयोग नसतो.

सबस्क्रिप्शनमध्ये हे निदान उघड असते. मायक्रोसॉफ्टचा गेम पास जून २०१७ मध्ये सुरू झाला. महिन्याला ठरावीक रक्कम द्या आणि यादीतले शेकडो गेम खेळा. गेम यादीत येतात, जातात. जाणारा गेम विकत घ्यायचा असेल तर थोडी सूट मिळते. सोनीच्या प्लेस्टेशन प्लसमध्ये दर महिन्याला काही गेम खात्यात ''जमा'' होतात, पण वर्गणी थांबली की तेही उघडत नाहीत. दर बदलणेही कंपनीच्या हातात. ऑक्टोबर २०२५ मध्ये गेम पासच्या सर्वांत वरच्या योजनेचा अमेरिकेतला दर एका फटक्यात १९.९९ डॉलरवरून २९.९९ डॉलरवर गेला.

जास्त फसवे आहे ते ''बाय'' म्हणजे ''विकत घ्या'' लिहिलेले बटण. पूर्ण किंमत मोजून, बटण दाबून घेतलेला डिजिटल गेमही बहुतेक ठिकाणी विकत मिळत नाही, वापरण्याचा परवाना मिळतो. युबीसॉफ्ट कंपनीचा ''द क्रू'' हा मोटार शर्यतींचा गेम २०१४ मध्ये आला. एकट्याने खेळायचा तरी त्याला सर्व्हर लागायचा. ३१ मार्च २०२४ ला कंपनीने सर्व्हर बंद केले आणि त्यानंतर लोकांच्या खात्यांतून तो परवानाही काढून घेतला. ज्यांच्याकडे डिस्क होती त्यांची डिस्कही निरुपयोगी झाली. त्यातून ''स्टॉप किलिंग गेम्स'' नावाची मोहीम उभी राहिली. गेम बंद करताना तो खेळण्यायोग्य अवस्थेत सोडा, एवढीच तिची मागणी. युरोपीय संघाकडे केलेल्या तिच्या अर्जाने जुलै २०२५ मध्ये १० लाख सह्यांचा टप्पा ओलांडला.

युरोप लांब वाटत असेल तर आपल्या मोहल्ल्यातले उदाहरण घ्या. २ सप्टेंबर २०२० ला केंद्र सरकारने माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६९-अ खाली ११८ अॅपवर बंदी घातली, त्यात पबजी मोबाइल होता. ३० ऑक्टोबरला भारतासाठीचे सर्व्हर बंद झाले. लॉकडाऊनमध्ये या गेमवर लाखो पोरांनी वेळ घालवला होता, अनेकांनी त्यातले कपडे आणि बंदुकांचे रंग खऱ्या रुपयांनी घेतले होते. २ जुलै २०२१ ला बीजीएमआय आला तेव्हा जुना डेटा नव्या खात्यात नेण्याची सोय मिळाली, ही चांगली गोष्ट. पण जुलै २०२२ मध्ये तोही स्टोअरवरून गेला आणि मे २०२३ मध्ये परतला. मधल्या काळात, १४ फेब्रुवारी २०२२ ला, आणखी ५४ अॅपवर बंदी आली, त्यात फ्री फायर होता. बंदी योग्य होती की नाही, हा वेगळा वाद आहे. माझा मुद्दा असा, की त्या वादात सरकार होते, कंपनी होती, आणि ज्याने पैसे भरले त्याला कुणी विचारलेही नाही. कारण कागदोपत्री त्याच्या मालकीचे काहीच नव्हते.

मग सबस्क्रिप्शन वाईट का? अजिबात नाही. भाड्याने घेणे हा शतकानुशतकांचा सरळ व्यवहार आहे. फिक्हमध्ये बै म्हणजे विक्री आणि इजारा म्हणजे भाडे असे दोन वेगळे करार मानले आहेत. विक्रीत वस्तू दुसऱ्याची होते, इजाऱ्यात ठरलेल्या मुदतीपुरता उपभोग मिळतो. दोन्ही हलाल आहेत. अट इतकीच, की काय ठरले ते दोघांनाही स्पष्ट असावे आणि व्यवहारात गरर, म्हणजे फसवी अनिश्चितता, नसावी. मी आलिम नाही आणि मला गेमवर फतवाही नको आहे. पण इजारा हा शब्द मराठीतही मुरलेला आहे. यवतमाळकडे काही गावांच्या नावापुढे तो आजही लागतो. इजारा देऊन त्याला विक्री म्हणणे गैर आहे, हे समजायला धर्मशास्त्र किंवा कायदा शिकावा लागत नाही.

नागपूरकरांना तर हा फरक लहानपणापासून ठाऊक असतो. नझूलच्या किंवा नासुप्रच्या भूखंडावर घर असलेल्या कुणालाही विचारा. घर आपण बांधले, जमीन मात्र लीजवर. मुदत संपली की नूतनीकरण, फ्रीहोल्ड हवा तर अर्ज आणि पैसे. मालकी पट्ट्यांसाठी इथल्या वस्त्यांनी वर्षानुवर्षे मोर्चे काढले, कारण राहायला मिळणे आणि घर आपले असणे यांत काय अंतर आहे ते त्यांनी भोगले होते.

आणि भाडेकरूलाही हक्क असतात. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ पाहा. नियमित भाडे भरणाऱ्या भाडेकरूला घरमालक मनात आले म्हणून बाहेर काढू शकत नाही. त्याचे पाणी किंवा वीज तोडू शकत नाही. अकरा महिन्यांच्या ''लिव्ह अँड लायसन्स'' करारात हक्क कमी असतात, पण तो करारही लेखी आणि नोंदणीकृत असावा लागतो, मुदत आणि रक्कम त्यात लिहिलेली असते. गेमच्या करारातही तोच ''लायसन्स'' शब्द आहे. पण मुदत नाही, नोटीस किती दिवसांची ते कंपनी ठरवणार, अटी कधीही बदलणार. एका खोलीच्या भाडेकरूला जे संरक्षण मिळते तेवढेही चार हजारांचा गेम ''विकत'' घेणाऱ्याला मिळत नाही. माझी तक्रार भाड्याबद्दल नाही. भाड्याला विक्री म्हणण्याबद्दल आहे, आणि भाडेकरूला हक्कच नसण्याबद्दल आहे.

गंमत म्हणजे कर घ्यायची वेळ आली की सॉफ्टवेअर वस्तू ठरते. टाटा कन्सल्टन्सी सर्व्हिसेस विरुद्ध आंध्र प्रदेश या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये सांगितले, की डिस्कवर घालून विकलेले तयार सॉफ्टवेअर हा ''माल'' आहे आणि त्यावर विक्रीकर लागू शकतो. म्हणजे विक्रीकरासाठी विक्री झाली, पण घेणाऱ्याच्या हातात आला तो परवाना.

''विकत घेऊनही मालकी मिळत नसेल, तर पायरसी म्हणजे चोरी कशी?'' असे वाक्य तरुणांमध्ये फिरते. ऐकायला बरे वाटते, पण मला पटत नाही. गेम बनवणारे शेकडो लोक माझ्यासारखेच पगारावर जगतात. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सने २०२० मध्ये ''राजी'' हा गेम काढला, तेव्हा आपल्याकडेही असे काम होऊ शकते हे दिसले. त्यांचे पैसे बुडवून कुठल्याही बड्या कंपनीला धडा मिळत नाही. शिवाय चोरून घेतलेल्या गेमवर हक्क सांगता येत नाही, आणि मला हक्क हवे आहेत.

दुसरा आक्षेप मला घरातच ऐकावा लागला. समाजापुढे शिक्षण, रोजगार, सुरक्षितता असे प्रश्न असताना गेमवर काय लिहायचे? मी असे म्हणेन, की करार वाचायची सवय एका ठिकाणी लागली की सगळीकडे लागते. निकाहनाम्यातल्या अटी वाचून, समजून, मगच सही करावी, असे आपण मुलींना आणि मुलांना सांगतो. तेच पोर रोज फोनवर न वाचता पाच करार मान्य करते. शिवाय हा प्रश्न गेमपुरता उरलेला नाही. कोचिंगचे व्हिडिओ, ई-पुस्तके, गाणी सगळे याच पद्धतीने मिळते. २००९ मध्ये अॅमेझॉनने लोकांच्या किंडलमधून त्यांनी पैसे देऊन घेतलेली जॉर्ज ऑरवेलची पुस्तके परस्पर पुसली होती. पैसे परत दिले, पण पुस्तक कपाटातून उचलून नेल्यासारखेच ते होते. ज्यांच्या घरात नवे घेण्याइतके पैसे नसतात, ती मुले जुन्यावर, उसन्यावर शिकतात. भावाचे पुस्तक बहिणीला, मित्राची सीडी मित्राला. उसने देण्याचा हक्क गेला की सर्वांत आधी त्यांचेच नुकसान होते.

कायद्यात जागा आहे. ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ ''अन्याय्य करार'' मानतो, आणि वाजवी कारणाशिवाय एका पक्षाला एकतर्फी करार संपवू देणारी अट त्यात मोडते. अशी तक्रार राज्य आयोगाकडे करता येते, आणि त्याचे खंडपीठ नागपुरात आहे. ३० नोव्हेंबर २०२३ च्या केंद्रीय मार्गदर्शक सूचनांनी १३ ''डार्क पॅटर्न'' ठरवले, त्यात सबस्क्रिप्शनमधून बाहेर पडणे मुद्दाम अवघड करणे हाही एक आहे. रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार आपोआप पैसे कापण्याआधी २४ तास सूचना यावी लागते. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे. तो फोनमध्ये साठवून ठेवा.

पण ''विकत घ्या'' या शब्दाबद्दल आपल्याकडे वेगळा नियम हवा. कॅलिफोर्नियाने तो केला. १ जानेवारी २०२५ पासून तिथे डिजिटल वस्तू ''विकताना'' हा फक्त परवाना आहे हे ग्राहकाला स्पष्ट सांगावे लागते. आपल्याकडे मी तीन गोष्टी मागेन. एक, परवाना असेल तिथे बटणावर परवानाच लिहा. दोन, पूर्ण किंमत घेतलेला गेम बंद करायचा तर पुरेशी नोटीस द्या, आणि तो सर्व्हरशिवाय चालेल असा करून सोडा किंवा पैसे परत करा. हे अशक्य नाही. गुगलने जानेवारी २०२३ मध्ये स्टेडिया ही सेवा बंद केली तेव्हा तिथे विकलेल्या गेमचे पैसे परत केले होते. तीन, सबस्क्रिप्शनमधून गेम जाणार असेल, तर ज्याने तो सुरू केला आहे त्याला भरलेली मुदत संपेपर्यंत खेळू द्या.

तोपर्यंत आपल्या हातात थोडे आहे. एकदाच खेळायचा गेम असेल तर सबस्क्रिप्शन खुशाल घ्या, पण यादीतून काय जाणार ते दर महिन्याला पाहा. जपून ठेवावासा वाटणारा गेम डिस्कवर घ्या, किंवा पोलंडच्या जीओजीसारख्या ठिकाणी घ्या, जिथे कुलूप नसलेली फाइल मिळते आणि ती हार्ड डिस्कवर ठेवता येते. डिस्क घेतानाही तिला इंटरनेट लागते का ते वाचा.

भाच्याने शेवटी तो गेम विकत घेतला नाही. त्याने आणि मी बसून त्या सेवेच्या अटी पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचल्या. पाऊण तास लागला. वाचून झाल्यावर तो म्हणाला, ''मामू, यात आपल्या बाजूचं एकही वाक्य नाही.'' आता ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवायची का, यावर घरात चर्चा चालू आहे. मी त्याला म्हटले आहे, नोंदव. पैसे मिळतील की नाही, सांगता येत नाही. पण पैसे भरणारा माणूस मुकाट बसला नाही, एवढी नोंद तरी कुठेतरी होईल.