आवाज शाबूत, डोळा गेला

परवा घरातला होम थिएटर भंगारात द्यायला काढला होता. २००९ च्या दिवाळीत घेतलेला. डीव्हीडी प्लेअर, अ‍ॅम्प्लिफायर, रेडिओ सगळं एकाच डब्यात. सोबत पाच छोटे स्पीकर आणि एक बोजड वूफर. पगार बेताचा, त्यात हप्त्यावर घेतला म्हणून बायको आठवडाभर बोलली नव्हती. (नंतर गल्लीतल्या बायकांना बोलावून बोलावून सिनेमे तिनेच दाखवले, ते असो.)

आता डिस्क टाकली की नुसतं 'नो डिस्क'. सर्व्हिस सेंटरला फोन केला. "सर, मॉडेल बंद झालंय, पार्ट येत नाही. एक्स्चेंजमध्ये साउंडबार घ्या." बहिणीच्या लग्नाची डीव्हीडी साउंडबारमध्ये कुठून घालू? त्यात आमचे वडील आहेत, जेवल्याशिवाय निघालेल्या पाहुण्यांना दटावताना. कॉम्प्युटरवर कॉपी करा म्हणाल. करीनच. पण धडधाकट वस्तू फेकायची का, हा प्रश्न उरतोच ना?

स्टँडमागच्या रिपेअरवाल्याने झाकण उघडलं आणि म्हणाला, "भाऊ, आवाज शाबूत आहे, डोळा गेलाय." डोळा म्हणजे डिस्क वाचणारी लेसरची लेन्स. एवढ्याशा भागापायी अख्खा डबा भंगारात! स्पीकरच्या पिनाही वेगळ्याच, दुसऱ्या सेटला लागत नाहीत. एकात सगळं घेतलं की एकासोबत सगळं जातं.

सरकारने ई-कचऱ्याचे नियम केले, १ एप्रिल २०२३ पासून लागूही झाले. त्यात कचऱ्याच्या पुनर्वापराची जबाबदारी कंपनीवर आहे. छान. पण वस्तू कचरा होण्याआधीचं काय? दुरुस्तीच्या हक्काचं पोर्टल २०२२ च्या डिसेंबरातच आलं. पोर्टलने लेन्स मिळत नाही हो! फ्रान्सने २०२१ पासून टीव्ही, लॅपटॉप, मोबाइलच्या किमतीशेजारी 'दुरुस्त करायला किती सोपं' याचे दहापैकी गुण लावायला सुरुवात केली. आपल्याकडे निदान खोक्यावर एवढं तरी छापा, की सुटे भाग किती वर्षं मिळतील. एमआरपी छापता तसंच. आणि ते भाग स्टँडमागच्या माणसालाही विकत मिळाले पाहिजेत, फक्त कंपनीच्या सेंटरला नाही.

माझं काम साडेचारशेत झालं. लेन्स भंगारातल्या दुसऱ्या सेटमधून काढली. रात्री डीव्हीडी लावली, आई पूर्ण बघत बसली.

पैसे देताना रिपेअरवाला म्हणाला, "भाऊ, ही शेवटची होती. परत गेली तर माझ्याकडं नाही."