परंपरा कुणाच्या बापाची?

मुंबईच्या गोदीतून रजा टाकून दीक्षाभूमीवर आलो. तिथून धरमपेठेत, एका कवितावाचनाला. हमालाच्या कवितेला टाळ्या पडल्या. मग चहा पिताना एक साहेब म्हणाले, ‘जोर आहे, पण कवितेला परंपरा लागते हो!’

मी गप्प. त्या गप्पपणाची आज लाज वाटते.

साहेब, गावकीची राबणूक, मेलेली ढोरं ओढणं ही तुम्ही दिलेली परंपरा. वतन म्हणून गळ्यात बांधलेली. बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई कौन्सिलात तिच्याविरुद्ध बिल आणलं. ती आम्ही फेकली.

आमची दुसरी आहे. चौदाव्या शतकातला चोखोबा मंगळवेढ्याच्या गावकुसाची भिंत बांधताना गाडला गेला. अभंग गाडले गेले नाहीत. याच नागपुरात किसन फागूजी बनसोडे कविता लिहायचे, छापखाना चालवायचे. १९१८ साली त्यांनी ‘मजूर पत्रिका’ काढली. मजुराची कविता शंभर वर्षांची आहे!

हे मला तेव्हा ठाऊक नव्हतं, म्हणून साहेबाचं फावलं. दोस्तांनो, आपलं घराणं आपणच धुंडाळा, छापा, चाळीचाळीत वाचा. पाठीवरचं पोतं पाळी संपली की उतरतं. लेखणी उतरवायची नाही.