महाल आठवतात, महाड का नाही?

कलादिग्दर्शक नितीन चंद्रकांत देसाई म्हटले की लोकांना ‘देवदास’चे महाल आठवतात. त्यांच्या चार राष्ट्रीय पुरस्कारांतला पहिला मात्र जब्बार पटेलांच्या ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’साठी होता. महाडचा सत्याग्रह दाखवणारा तो चित्रपट किती जण सांगतात?

सेट म्हणजे नुसती सजावट नव्हे. वस्ती कशी दिसावी, हे कलाविभाग ठरवतो. म्हणूनच पडद्यावरच्या आमच्या घरात गळके छप्पर दिसते. पुस्तकांचे कपाट, भिंतीवरचे बाबासाहेब क्वचितच.

आमच्या पोरांनी सेटवर खिळे ठोकायचे आणि आराखडा इतरांनी काढायचा, ही विभागणी आम्हाला मान्य नाही. पुण्याच्या एफटीआयआयमध्ये कलादिग्दर्शन शिकवतात. तिथे राखीव जागा आहेत. अर्ज भरा.

जय भीम!