सेल्फीतले नाक आणि हातभर अंतर

सौंदर्याचा एकच साचा जगभर कसा विकला जातो, याचा शोध एलेना रोसिनी या इटालियन दिग्दर्शिकेने ‘द इल्युजनिस्ट्स’ (२०१५) या माहितीपटात घेतला आहे. त्यात लेबनॉन आहे, जपान आहे आणि गोरेपणाच्या मलमांमुळे आपला भारतही आहे. अशा माहितीपटांचा रोख जाहिरातदारांवर असतो आणि तो रास्तच आहे. मात्र भौतिकशास्त्राच्या विद्यार्थ्याला येथे आणखी एक आरोपी दिसायला हवा : आपल्याच हातातला कॅमेरा.

अमेरिकेतील शल्यविशारद बोरिस पास्कोव्हर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१८ साली ‘जामा फेशियल प्लास्टिक सर्जरी’ या नियतकालिकात एक गणिती प्रारूप मांडले. सुमारे ३० सेंटिमीटरवरून टिपलेल्या सेल्फीत नाक चेहऱ्याच्या मानाने जवळजवळ ३० टक्के रुंद भासते; दीड मीटरवरून हा फरक नगण्य होतो. हे पडताळायला दहावीतले समरूप त्रिकोण पुरतात. नाकाचे टोक कॅमेऱ्यापासून ३० सेंटिमीटरवर आणि गालांची हाडे त्याच्या ९ सेंटिमीटर मागे आहेत, असे ढोबळमानाने धरा. प्रतिमेचा आकार अंतराच्या व्यस्त प्रमाणात असतो. म्हणून नाक गालांच्या मानाने ३९/३०, म्हणजे १.३ पट मोठे उमटते. अंतर १५० सेंटिमीटर केले की हेच गुणोत्तर १५९/१५०, म्हणजे १.०६ वर येते. दोष भिंगाचा नाही, अंतराचा आहे. महागडा फोन घेऊन तो जात नाही.

आता दुसरा आकडा पाहा. अमेरिकेतील चेहऱ्याच्या प्लास्टिक सर्जनांच्या संघटनेने २०१७ मध्ये सदस्यांची पाहणी केली. सेल्फीत चांगले दिसावे म्हणून शस्त्रक्रिया मागणारे रुग्ण आपल्याकडे येतात, असे ५५ टक्के सर्जनांनी सांगितले. प्रयोगशाळेत अशा एकाच दिशेने होणाऱ्या चुकीला आम्ही सिस्टिमॅटिक एरर म्हणतो. हजार वाचने घेऊन सरासरी काढली तरी ती जात नाही; उपकरण तरी सुधारावे लागते, नाहीतर वाचन तरी. येथे मात्र उपकरण जसेच्या तसे ठेवून मोजली जाणारी वस्तूच कापली जाते.

नाकाच्या शस्त्रक्रियेचा विषय निघाला की आपल्याकडे सुश्रुताचे स्मरण होतेच. जोडीला पुण्याची एक हकीकतही आठवावी. लंडनच्या ‘जंटलमन्स मॅगझिन’ने ती १७९४ च्या ऑक्टोबरमध्ये छापली होती. टिपूच्या कैदेत नाक कापले गेलेल्या कावसजी नावाच्या गाडीवानाला एका देशी कारागिराने कपाळाच्या कातडीतून नवे नाक घडवून दिले होते. त्या माणसाची हानी खरी होती. आजही भाजलेल्या, दुभंगलेल्या चेहऱ्यांना हेच शास्त्र माणसांत परत आणते, आणि निव्वळ हौसेपोटी नाक बदलणाऱ्या प्रौढ व्यक्तीलाही अडवण्याचा अधिकार मला नाही. पण संमती ही माहितीवर आधारलेली असावी, एवढा आग्रह तर धरता येईल? सल्ल्यासाठी आलेल्या प्रत्येकाचे दीड मीटरवरून छायाचित्र घ्यावे, ते त्याच्या सेल्फीशेजारी ठेवावे आणि मगच बोलणे सुरू करावे. याला खर्च जवळपास शून्य आहे.

दवाखान्यांच्या जाहिरातींतील ‘आधी’ आणि ‘नंतर’च्या छायाचित्रांखाली कॅमेऱ्याचे अंतर छापणेही सक्तीचे करावे. पहिले ३० सेंटिमीटरवरून आणि दुसरे दीड मीटरवरून घेतले, तर शस्त्राला हातही न लावता नाक लहान झालेले दाखवता येते.